उदबत्तीवाले भाऊ

कॅनडातल्या विनिपेगमधल्या कुठल्याही मराठी घरी भाऊ हळदीकुंकवाच्या निमित्ताने वहिनींबरोबर आले की चहाच्या आधी उदबत्ती मागतात. नवख्या यजमानीणबाई भारावतात. या वयात एवढी श्रद्धा म्हणून देवघर दाखवायला पुढे होतात. भाऊ देवघराकडे ढुंकूनही बघत नाहीत. पेटलेली उदबत्ती घेऊन थेट हॉलच्या खिडकीशी जातात, चौकटीच्या कडेकडेने ती फिरवतात, आणि धूर एकाएकी वाकडा झाला की तिथेच थबकून म्हणतात, “हे पाहा राजेहो, तुमचे डॉलर इथून जाऊन राहिले.”

जानेवारीतल्या उणे तीसच्या रात्री हे ऐकून कोणाच्याही घशाखाली तिळगूळ नीट उतरत नाही.

भाऊ मूळचे अकोल्याचे. मे महिन्यात पंचेचाळीसच्या पुढे जाणाऱ्या गावात खिडकीला वाळ्याची ताटी लावायची, तिच्यावर पाणी मारायचं आणि दुपारभर पडून राहायचं, एवढंच खिडकीशास्त्र त्यांना ठाऊक होतं. विनिपेगमध्ये जुनं घर घेतल्यावर पहिल्याच हिवाळ्यात एका सकाळी पडदा सरकवला, तर तावदानावर बर्फ. बाहेरून नव्हे, आतून! घरातल्या भाताची वाफ काचेवर जाऊन गोठली होती. भाऊंनी तो स्वतःचा अपमान मानला. त्या दिवसापासून अभ्यास सुरू झाला.

अभ्यास म्हणजे कसा, तर यू-फॅक्टर त्यांना नातवंडांच्या वाढदिवसांपेक्षा पाठ. हा आकडा जितका लहान तितकी खिडकीतून उष्णता कमी गळते; जुन्या एकेरी काचेचा पाचाच्या आसपास, तिहेरी काचेच्या चांगल्या खिडकीचा एकाच्या आसपास. दुसरा आकडा काचेतून आत येणाऱ्या सूर्याच्या उष्णतेचा, शून्य ते एक. विनिपेगच्या दक्षिणेकडच्या खिडकीला हा मोठा हवा, कारण हिवाळ्यातलं ऊन फुकट मिळतं. अकोल्याच्या धाकट्या भावाने नवं घर बांधायला काढलं तेव्हा भाऊंनी फोनवर तासभर त्याला हा आकडा लहानच ठेव म्हणून बजावलं. भावाने शेवटी दारात कडुलिंब लावला. भाऊ म्हणतात, तत्त्व तेच आहे, पण लेबल नाही.

खिडक्या विकणाऱ्यांना या घराची धास्ती होती. एकदा एक उमदा तरुण व्हायनलच्या, म्हणजे प्लॅस्टिकच्या, चौकटीचा नमुना आणि उष्णतेचा दिवा घेऊन आला. काचेच्या एका बाजूला दिवा, दुसऱ्या बाजूला वहिनींचा हात, असा प्रयोग झाला. आज सही केलीत तर मोठी सूट, असंही झालं. भाऊंनी त्याला चिवडा दिला, संपेपर्यंत वाट पाहिली आणि विचारलं, “उणे पस्तीसपासून अधिक पस्तीसपर्यंत तुझी दोन मीटरची चौकट किती वाढते?” तरुणाने फाइल उघडली. फाइलीत ते नव्हतं. भाऊंनीच सांगितलं, आठेक मिलिमीटर. आणि काच वाढते सव्वा. “मग दरवर्षी हे दोघं एकमेकांना ओढणार, आणि मधल्या सांध्यानं काय करावं?” तरुण चिवड्याची पाककृती विचारून निघून गेला.

फायबरग्लासवर भाऊंचा जीव जडला तो इथे. काचेचेच धागे राळेत भिजवायचे आणि तापलेल्या साच्यातून ओढून चौकटीची पट्टी काढायची. त्यामुळे थंडीउन्हात ती जवळजवळ काचेइतकीच वाढते नि आकसते. “व्हायनल म्हणजे सोऱ्यातली शेव, मागून ढकलायची,” भाऊ दिवाळीच्या फराळाला हात उचलून सांगतात, “आणि हे पुढून ओढायचं.” ओढण्याचा अभिनय इतका जोरकस असतो की शेजारच्यांनी ताटं मागे घेतलेली मी पाहिली आहेत. त्यात अशा खिडक्या बनवणारे कारखाने खुद्द विनिपेगमध्ये. भारतातून कोणी आलं की लोक त्याला संग्रहालय दाखवतात. भाऊ कारखान्याच्या गेटपर्यंत नेऊन आणतात.

खरं सांगायचं तर खिडकीचा बराचसा भाग काचच असते, आणि उष्णता राखण्याचं मोठं काम तिहेरी काच, तिच्यावरचा उष्णता परतवणारा लो-ई लेप आणि मधला आर्गॉन वायू हेच करतात. बऱ्यापैकी व्हायनलच्या चौकटीत तेवढी काच बसवली, भिंत आणि चौकट यांच्यामधली फट नीट भरली, तर सामान्य माणसाचे हिवाळे सुखाने जातात. पैसेही पुष्कळ वाचतात. हे मी भाऊंना एकदाच म्हणालो. त्यांनी रागावून नव्हे, कीव येऊन माझ्याकडे पाहिलं. “आणि वीस वर्षांनी?” वीस वर्षांनी भाऊ पंच्याऐंशीचे होतील, पण हे बोलायची माझी छाती झाली नाही.

दरम्यान कॅनडा सरकारने 2021 च्या मे महिन्यात घरं ऊबदार करण्यासाठी अनुदान काढलं. घराची आधी तपासणी, मग काम, मग पुन्हा तपासणी. एकूण पाच हजार डॉलरपर्यंत. खिडकीच्या प्रत्येक भगदाडामागे सव्वाशे, आणि खिडकी सर्वोत्तम वर्गातली असेल तर अडीचशे. या सव्वाशेच्या फरकाने भाऊंना झोप येईना. वर्ग बदलायला एनर्जी रेटिंग, म्हणजे खिडकीच्या एकूण गुणांचा आकडा, चाळीस लागत होतं, आणि त्यांच्या मनातली खिडकी अडतिसावर अडत होती. लेप दुसऱ्या काचेवर घ्यावा का, उघडझाप कमी करून एक काच पक्की बसवावी का, असे कागदच्या कागद भरत गेले. तेवढ्यात 2024 चा फेब्रुवारी आला आणि योजनेने नवे अर्ज घेणं थांबवलं. वहिनी त्या दिवशी काही बोलल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी मापं घ्यायला कारखान्याचा माणूस दारात उभा होता; फोन त्यांनी केला होता.

खिडक्या बसल्या त्या गणपतीच्या तोंडावर. शेवटचा हप्ता द्यायचा बाकी होता. आरती संपली, तबक भाऊंच्या हातात आलं, आणि ते मूर्तीला पाठ करून खिडकीशी गेले. निरांजन काचेसमोर धरलं की तीन काचांच्या सहा पृष्ठांवरून सहा ज्योती दिसतात. लेप असलेल्या पृष्ठावरची ज्योत जरा वेगळ्या रंगाची. दोन लेप ठरले होते, म्हणून भाऊंना सहांतल्या दोन वेगळ्या हव्या होत्या. “एक... दोन... ही जांभळट आहे का गं?” मागे पंचवीस माणसं आरती घ्यायला हात पुढे करून उभी. शेवटी दोन्ही सापडल्या, तेव्हा भाऊंनी आपसूक काचेलाच नमस्कार केला. बाप्पा समजून घेणारा देव आहे.

काचांवरची लेबलं मात्र अजून काढलेली नाहीत. ऊन आलं की हॉलच्या गालिच्यावर त्यांच्या चौकोनी सावल्या पडतात. ऑक्टोबरच्या एका सकाळी सहाला भाऊंचा फोन आला, ताबडतोब ये म्हणून. मी घाबरून गेलो. भाऊ अंगणात स्वेटर घालून उभे, समोर काचेवर दव. “पाहिलंस? बाहेरून! आतली ऊब बाहेरच्या काचेपर्यंत पोचतच नाही, म्हणून दव धरलं.” त्यांच्या शेजारचे गोरे आजोबा कुत्र्याला फिरवायचं थांबवून बघत होते. त्यांना इंग्रजीतून तेच व्याख्यान मिळालं.

डिसेंबरात वहिनींनी ठेच्याला मिरच्या भाजल्या. पूर्वी तो खकाणा फटींतून आपोआप निघून जायचा. आता घराला फटच उरलेली नाही. जेवायला आलेले आम्ही सगळे खोकत, डोळे पुसत बसलो होतो. बाहेर उणे चोवीस. वहिनी स्वयंपाकघरातून आल्या आणि हॉलची मोठी खिडकी त्यांनी आत ओढून सताड उघडली.

भाऊ ताडकन उठले. आता काय बोलतात म्हणून सगळ्यांनी खोकला आवरला.

“अगं, अशी नाही! हँडल वर फिरव, वर! मग फक्त वरून तिरपी होते. कितीदा सांगितलं तुला!”

“अहो,” वहिनी म्हणाल्या, “आधी ते लेबल काढा. हँडल कुठंय ते दिसत नाही.”