वाड्यातल्या वह्या

ऐकलं का वो वहिनी? कोपऱ्यावरच्या काकूच्या माहेरी, साकोलीकडं, पुन्हा बिनसलं म्हणते. वाडा पाडायचा का डागडुजी करायची, हे रडगाणं तर जुनंच. यावेळी भांडण वह्यांवरून आहे.

अवो, मालगुजाराचं घराणं ना ते! माडीवर दोन पेट्या भरून वह्या, लाल कापडात बांधलेल्या. काकूचा भाऊ म्हणते रद्दीत घाला. त्याले सरपंचकीले उभं राहायचं आहे, मग काय! काकू म्हणते, माझ्या मड्यावरून न्या.

मले वाटलं, जुन्या कागदासाठी एवढा तमाशा काहून? तर काकूनं एक वही दाखवली. मोडी लिपी मले कोठं येते, पण समासात कोणी तरी मागून साध्या अक्षरात लिहून ठेवलं आहे. सालदाराचं नाव, नेलेलं धान, त्यावर दिढी. म्हणजे एक खंडी नेली की कापणीले दीड खंडी फेडायची. खाली अंगठा. पुढच्या सालीही तेच नाव, बाकी चढलेली. मंग पोराचं नाव. बाप मेला तर बाकी पोराच्या खात्यावर ओढली. आडनाव वाचलं अन् मी गपच झाली. त्या घरचा नातू सनफ्लॅग कारखान्यात काकूच्या जावयाच्या शिफ्टमध्ये आहे! दोघं एका डब्यात जेवतात वो.

दुसरी पेटी तलावाची. 1860च्या दशकातल्या बंदोबस्तात इंग्रजानं या मालगुजारांना मालक केलं. 31 मार्च 1951 ले मालगुजारी गेली, तलाव सरकारजमा झाले. आपल्या भंडारा जिल्ह्यात असे मामा, म्हणजे माजी मालगुजारी, तलाव हजाराच्या वर आहेत. आता कितीकांच्या पोटात गाळ, कोठं तर चक्क बांध्या काढून रोवणी होते. तलाव बांधणाऱ्या कोहळी समाजाचं नाव निघते, नवेगावबांधले कोलू पाटलाचं निघते, ते बरोबरच आहे. पण यांच्या तलावाच्या पाळीवर माती टाकली कोणी? बेगारीवर आणलेल्या माणसांनी. त्यांची नावं दुसरीकडं कोठं लिहिलेली नाहीत, याच पेटीतल्या वह्यांत आहेत. म्हणून काकू अडून बसली. रद्दीवाल्याले दिली की मालगुजाराची लाज झाकली जाईल, पण ती माणसं दुसऱ्यांदा मरतील, असं म्हणते. बाई बोलते कशी बघा, चौथी शिकलेली.

काकूची भाची म्हणते, नागपूरच्या विदर्भ संशोधन मंडळाले द्या, फोटो काढून ठेवा. ते मले पटते. पण काकूले ग्रामसभेत मोठ्यानं वाचून दाखवायचं आहे, ते काही पटलं नाही बापा. कर्ज ज्याचं होतं त्याच्या घरचीही अब्रू आहे ना त्यात? आधी त्यांना विचारा न. मी तसं तोंडावर सांगितलं, तर दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

अन् काल, गपचूप, त्या नातवालेच विचारून आली! तो म्हणाला म्हणे, माझ्या आज्याच्या पानांची झेरॉक्स द्या, बाकीच्यांचं त्यांना विचारा. भावानं हे फोनवर ऐकलं अन् पहिलं काय बोलला असंल? झेरॉक्सचे पैसे कोणाकडून घ्यायचे!