सावधान, विश्राम, बंदोबस्त

महाराष्ट्रात पोलीस शिपायाचे मूलभूत प्रशिक्षण साधारण नऊ महिने चालते. फौजदार नाशिकच्या महाराष्ट्र पोलीस अकादमीत घडतात. कवायत इतकी अंगात मुरते की साहेबाची गाडी वळणावर दिसली तरी टाचा आपोआप जुळतात. कायद्याचे तसे होत नाही. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. खुनाचे ३०२ कलम १०३ झाले, फसवणुकीचे ४२० कलम ३१८ मध्ये गेले. बोलीतला ‘चारसो बीस’ मात्र जागचा हलला नाही.

सोबतच्या नागरिक सुरक्षा संहितेने झडती आणि जप्तीचे चित्रीकरण सक्तीचे केले. त्यासाठी उजळणी वर्ग आले. वर्गाला पाठवायचे कोणाला, याचा निकाल ठाण्यात लगेच लागतो: ज्याच्याकडे तपास असतो त्याला सवड नसते, म्हणून सवड असलेला जातो. त्याचे प्रमाणपत्र सेवापुस्तकाला लागते, आणि पंचनामा जुन्याच साच्यातून उतरतो. तारीख नवी, पंच नेहमीचे, आणि ‘वाचून पाहिला, बरोबर आहे’ हे वाक्य पंच येण्याआधीच लिहून तयार.

तपास आणि कायदा-सुव्यवस्था ही कामे वेगळी करा, असे सर्वोच्च न्यायालयाने प्रकाश सिंह खटल्यात २००६ साली सांगितले. गणपती आले की तपासी अंमलदार आजही मिरवणुकीचा दोर धरून उभा असतो. दोर कसा धरावा, हे त्याला कोणत्याही वर्गात शिकवावे लागलेले नाही.