शूद्रकांक कसा काढावा

गोष्ट स्वतःबद्दल किती बोलते, हे मराठी समीक्षा आजवर ‘जरा’, ‘बरंच’ आणि ‘अती झालं’ या तीन मापांनी मोजत आली आहे. संशोधकांना २००५ साली एच-निर्देशांक मिळाला, प्राध्यापकांना २०१० साली यूजीसीचे एपीआय गुण मिळाले. मग कथा-नाटकांनीच कुणाचं काय घोडं मारलंय? त्यांच्यासाठी आहे शूद्रकांक. तो काढायला एक पेन्सिल आणि माफक तुच्छता लागते. दोन्ही मराठी विभागात सहज मिळतात.

आधी एकक ठरवू. ‘मृच्छकटिका’च्या प्रस्तावनेत सूत्रधार नाटककाराची ओळख करून देतो. शूद्रकाचं रूप, वेदांचं आणि गणिताचं ज्ञान, हत्तींची विद्या, अश्वमेध असं सगळं सांगून झालं की तो सांगतो, शंभर वर्षं आणि दहा दिवस जगून शूद्रकानं अग्निप्रवेश केला. म्हणजे नाटककार स्वतःच्याच नाटकात स्वतःच्या मरणाची बातमी देतो, तीही भूतकाळात आणि वरच्या दहा दिवसांच्या हिशेबासकट. स्वसंदर्भ याच्या पुढे जाणं शक्य नाही. या मात्रेला एक शूद्रक म्हणावं. फॅरडसारखंच हे एकक रोजच्या वापराला फार मोठं पडतं. तिथे मायक्रोफॅरड चालतो, तसा इथे मिलिशूद्रक चालवावा.

आता प्रत्यक्ष मोजणी. नवशिका इथे हमखास थर मोजत बसतो. गीता कृष्ण अर्जुनाला सांगतो, ती संजय धृतराष्ट्राला, ती वैशंपायन जनमेजयाला आणि ती सौती नैमिषारण्यात शौनकादी ऋषींना. चार थर झाले, म्हणून चारशे मिलिशूद्रक लिहून मोकळं होऊ नये. थर म्हणजे स्वसंदर्भ नव्हे. पंचतंत्रात गोष्टीच्या पोटात गोष्ट आहे, पण आपण पंचतंत्रात आहोत याचा तिथल्या एकाही कोल्ह्याला पत्ता नाही, त्याला शून्य. महाभारताला गुण मिळतात ते व्यासांमुळे. ग्रंथ त्यांनीच रचला, धृतराष्ट्र आणि पांडू त्यांचेच पुत्र, आणि पणतवाचा नातू जनमेजय सर्पसत्रात ही सगळी भानगड ऐकतो, तेव्हा ते स्वतः तिथे हजर. याचे सहाशे द्यावेत. कुरकुर करू नये.

गोष्टीनं स्वतःला ओळखलं आणि त्यापायी तिच्यात काही बदललं, तर गुण दुप्पट. ‘डॉन किहोटे’चा पहिला भाग १६०५चा. १६१४ मध्ये दुसऱ्याच कुणीतरी टोपणनावानं बनावट दुसरा भाग छापला. सर्व्हांतेसचा खरा दुसरा भाग १६१५ मध्ये आला, त्यातल्या पात्रांनी पहिला भाग वाचलेला आहे. आणि बनावट पुस्तकात आपण सारागोसाला गेल्याचं कळताच किहोटेसाहेब निव्वळ त्या लेखकाला खोटं पाडायला वाट बदलून बार्सिलोनाला जातात. आठशे.

भवभूतीपाशी मात्र मोजणाऱ्याची पंचाईत होते. ‘उत्तररामचरिता’च्या सातव्या अंकात वाल्मीकीनं रचलेलं नाटक अप्सरा करून दाखवतात आणि प्रेक्षकांत बसलेला राम सीतेचे, म्हणजे आपल्याच बायकोचे हाल बघतो. हे नाटक आहे, असं लक्ष्मणाला त्याला सांगावं लागतं. तरी तो मूर्च्छित पडतोच. इथे भवभूतीला हुशारी दाखवायची नव्हती, रामाला पाडायचं होतं. मूर्च्छेला शूद्रकांकात रकाना नाही. नऊशे लिहून पुढे सरकावं.

आता वजावटी. आयकरात असते तशी इथेही प्रमाणित वजावट आहे: सूत्रधारापोटी सरसकट पन्नास. संस्कृत नाटकात तो ठरलेलाच असतो, आणि आपल्या तमाशातल्या गणापासून ‘घाशीराम’पर्यंत कुणीतरी पुढे येऊन खेळाबद्दल बोलणारच, त्याचं कौतुक किती करायचं? ‘महानिर्वाणा’तले भाऊराव (१९७४) मेल्यावर स्वतःच्याच मरणाचं कीर्तन लावतात. तिथे ही वजावट करू नये. मृताच्या उत्पन्नाचे नियम वेगळे असतात.

सर्वांत मोठी वजावट दिवाळी अंकासाठी राखून ठेवलेली आहे. संपादकांचा फोन येतो, “कथा कधी देताय?” लेखक टेबलाशी बसतो. चहावर साय धरते. आतून बायको विचारते, “झालं का?” कागद कोराच. शेवटच्या परिच्छेदात त्याला एकदाची कथा सुचते, तो पहिलं वाक्य लिहितो आणि ते निघतं, “संपादकांचा फोन आला.” नियमानुसार याला एक पूर्ण शूद्रक द्यावा लागेल, म्हणून नियमच बदलला आहे: वजा चारशे, आणि बायकोला त्या एका वाक्यापलीकडे काम नसेल तर आणखी शंभर.

एक आक्षेप येईलच. मृत्यूचा तो श्लोक मागाहून कुणीतरी घुसडला असावा, असं बऱ्याच अभ्यासकांचं मत आहे. मग एककच बनावट ठरलं की! ठरू दे. किलोग्रॅमचा पॅरिसजवळ जपलेला ठोकळाही २०१९ मध्ये निवृत्त झाला, म्हणून वाण्यानं डाळ तोलायची थांबवली नाही. शिवाय श्लोक शूद्रकाचा नसेल तर तो स्वसंदर्भच नाही, आणि मग मराठी कथेची सरासरी आपोआप वर जाते. याला विद्यापीठांची हरकत नसावी.

दिवाळी अंकांच्या संपादकांना एवढीच विनंती, की कथा सुचत नसल्याची कथा आली तर शूद्रकांक काढत बसू नये. ती बिनबोभाट छापावी आणि मानधनाच्या जागी, आकडा सुचत नसल्याचं एक सविस्तर पत्र लेखकाला पाठवावं.