तुळशीशेजारची कुंडी : कार्नेशनच्या जलसिंचनाविषयी एक लघुप्रबंध

कार्नेशनला पाणी किती घालावे, या प्रश्नाचा विचार करताना विद्वज्जन झाड पाहतात, माती पाहतात, ऋतुमान पाहतात. घर पाहायचे मात्र राहून जाते. प्रस्तुत प्रबंधाचे प्रतिपाद्य असे की, पुण्यातल्या फ्लॅटच्या गॅलरीत कार्नेशनला मिळणारे पाणी झाडाच्या तहानेवर ठरत नाही. ते दोन गोष्टींवर ठरते : घरातल्या कर्त्या माणसांची संख्या आणि कुंडीचे तुळशीपासूनचे अंतर.

प्रथम झाडाची कुळकथा. डायअँथस कॅरिओफायलस हे नाव लिनियसने 1753 मध्ये नोंदवले. माहेर भूमध्य समुद्राकडचे. चुनखडीची, पाणी धरून न ठेवणारी जमीन त्याला मानवते. पाने अरुंद आणि राखी हिरवी. पानावर अलगद नख ओढले की राखाडी थर निघतो आणि खालचा गडद हिरवा दिसतो. हा थर मेणाचा. पानातले पाणी उडून जाऊ नये म्हणून. ज्याने आपल्या पाण्याची अशी बेगमी स्वतःच करून ठेवली आहे, त्याला येताजाता ‘पाणी हवं का’ विचारणे हा खरे तर अगोचरपणा आहे. पण या झाडापुढे माणसाला स्वस्थ बसवत नाही, हे जुनेच दुखणे. लंडनच्या टॉमस फेअरचाइल्ड नावाच्या माळ्याने 1717 च्या सुमारास कार्नेशनवर स्वीट विल्यमचे पराग टेकवले आणि माणसाने मुद्दाम घडवलेल्या पहिल्या संकरांत गणले जाणारे रोप तयार केले. पुढे मृत्युपत्रात त्याने ईश्वराच्या निर्मितीच्या थोरवीवर दरवर्षी चर्चमध्ये प्रवचन व्हावे म्हणून पैसे ठेवले. आमच्या सोसायटीत ढवळाढवळ करणारे पुष्कळ आहेत. अशी तरतूद कोणी केल्याचे ऐकिवात नाही.

अल्पजलवादी पंथ आपल्या बाजूने लिस्बनचा दाखला देतो. 25 एप्रिल 1974 रोजी सैनिकांनी बंदुकांच्या नळ्यांत कार्नेशन खोचली, हुकूमशाही गेली, आणि त्याच वर्षअखेरीस पोर्तुगालने गोवा भारताचा असल्याचे करारावर सही करून मान्य केले. बंदुकीच्या नळीत थेंबभर पाणी नव्हते, तरी फुलाने एवढे काम केले, असा त्यांचा युक्तिवाद. तो फेटाळावा लागतो, कारण ती फुले खुडलेली होती आणि आपला प्रश्न कुंडीतल्या जिवाचा आहे.

आता पूर्वपक्ष. ‘पानांनी मान टाकली, म्हणजे पाणी हवं.’ वरवर बिनतोड. परंतु कुंडीत चिखल झाला की मुळांना हवा मिळत नाही, मुळे कुजतात, कुजलेल्या मुळांना पाणी ओढता येत नाही आणि वर पाने मान टाकतात. तहानेने व्याकूळ झालेले आणि बुडत चाललेले रोप दुरून सारखेच दिसते. घरातले दयाळू माणूस ते पाहून झारी आणते. त्यातून फ्युजेरियम बुरशी मातीत असली तर मग प्रश्नच मिटतो. त्या मरीवर घरगुती उपाय नाही.

मुख्य सिद्धांत तुळशीचा. सकाळी आंघोळ करून तुळशीला पाणी घातले की तांब्यात थोडे उरते. ते मोरीत ओतणे बरे दिसत नाही, परत आत नेणे त्याहून नाही. म्हणून ते शेजारच्या कुंडीत जाते. शेजारी कार्नेशन असते. नंतर सासरे फिरून येतात आणि त्यांना माती ‘कोरडी वाटते’. कामाच्या मावशी तांदळाचे धुवण वाया घालवत नाहीत. संध्याकाळी पुढील संवाद घडतो :

“अहो, त्या कुंडीला पाणी घातलंत का?”

“मघाशीच घातलं. तू?”

“मीपण. थोडंसंच.”

‘थोडंसंच’ हे या शास्त्रातले मूलभूत एकक होय. आजींच्या हाती ते अर्धा तांब्या भरते, नातवाच्या हाती वॉटरबॅगेत शाळेतून परत आलेले सगळे.

निदानाच्या पद्धती खरे तर सोप्या आहेत. बोट दोन पेरे मातीत खुपसावे. आत ओल लागली तर झारी ठेवून द्यावी. मातीची कुंडी असेल तर बोटाच्या पेराने वाजवावी : कोरडी खणखणते, ओली बद्द बोलते. प्लॅस्टिकची उचलून वजन पाहावे. पाणी सकाळी, पानांवर न शिंपडता बुडाशी घालावे, खालच्या भोकातून बाहेर येईपर्यंत, आणि पुन्हा माती वाळेपर्यंत विसरून जावे. हे शेवटचे कलम कोणत्याही घराने आजवर पाळलेले नाही. ताटलीत साचलेले पाणी तेवढे फेकावे, नाहीतर डासांची सोय होते. मात्र कठड्यावरून फेकू नये. खालच्या मजल्याचा आक्षेप या विषयात निर्णायक मानला जातो, विशेषतः त्यांच्या गॅलरीत कुरडया वाळत असताना.

मावळातल्या पॉलिहाऊसमध्ये हेच झाड ताठ उभे असते. तिथे ठिबकची नळी असते, आणि नळीला सासरे नसतात.

तेव्हा उपाय एकच उरतो : कुंडीचे स्थलांतर. ऊन पाच-सहा तास हवेच, त्यामुळे जागा फारशा नाहीत. तुळशीच्या कक्षेबाहेर आणि उन्हाच्या कक्षेत असे एकच ठिकाण सापडते, ते म्हणजे स्वयंपाकघराच्या खिडकीचा कट्टा. तिथे कुंडी ठेवल्याच्या दुसऱ्याच दिवशी मातीवर आल्याच्या चोयांसकट, साखर-दुधात भिजलेला चहाचा चोथा आढळला. ‘खत म्हणून’ असे समजले. गाळणीच्या कक्षेचा विचार स्वतंत्र प्रबंधात करावा लागेल.