हद्द झाली, बाप्पा!

हद्द म्हणजे काय, हे आम्हा वर्धेकरांना शिकवायला नको. गांधीजींचा जिल्हा म्हणून इथे पन्नासेक वर्षांपासून दारूबंदी आहे. त्यामुळे संध्याकाळ झाली की पुलगावात अनेकांना वर्धा नदीच्या पुलावर फिरायला जायची हुक्की येते. पुलापलीकडे अमरावती जिल्हा. जाताना पूल सरळ असतो, येताना वाकडा होतो.

दादा कोंडके यांच्या विनोदाचंही असंच होतं. घरात बंदी, हद्दीबाहेर गर्दी.

लहानपणी गावच्या यात्रेत, टुरिंग टॉकीजच्या तंबूत 'पांडू हवालदार' पाहिला. 'असले चाळे पाहाल तर याद राखा' अशी तंबी देणारे आमचे मास्तर शेवटच्या रांगेत कानाभोवती दुपट्टा गुंडाळून बसले होते. दादा काही बोलले की तंबू हसायचा. पण दुपट्टा त्याच्या क्षणभर आधी हलायचा. दुसरा अर्थ मास्तरांना सगळ्यांच्या आधी कळत होता! दुसऱ्या दिवशी त्यांनी वर्गात विचारलं, "काल तंबूत कोण कोण गेलं होतं बे?" आम्ही हात वर केला नाही. त्यांनीही नाही.

द्वयर्थी विनोदात अर्धा माल दुकानदाराचा, अर्धा गिऱ्हाइकाचा. ढगळ अर्धी चड्डी, लोंबणारी नाडी आणि आईच्या पदराआड लपणाऱ्या पोराचा भाबडा चेहरा घेऊन दादा पहिला अर्थ द्यायचे. दुसरा आपण घरून न्यायचा. सेन्सॉरची पंचाईत तिथेच व्हायची. कात्री लावायची, तर दुसरा अर्थ आपल्याला कळला हे आधी कबूल करा!

हे रसायन पिकलं होतं गिरणगावात आणि राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात. पुढे वसंत सबनीसांच्या 'विच्छा माझी पुरी करा'ने दादांचं नाव गाजवलं. 1969 मध्ये भालजी पेंढारकरांनी 'तांबडी माती'त पडद्यावर आणलं आणि 1971 मध्ये दादांनी स्वतःचा 'सोंगाड्या' काढला. प्रतिष्ठितांनी नाकं मुरडली. दादांच्या नऊ चित्रपटांनी रौप्यमहोत्सव केला, गिनीज बुकात नोंद झाली. नाकं मुरडणाऱ्यांनी तिकिटं काढल्याशिवाय का पंचवीस-पंचवीस आठवडे भरतात?

पण खरा विनोद दादांच्या पश्चात घडला. त्याची सुरुवात मात्र जुनी. 'सोंगाड्या'ला दादरचं कोहिनूर थिएटर मिळेना, कारण तिथे देव आनंदचा 'तेरे मेरे सपने' लागायचा होता. दादा बाळासाहेब ठाकऱ्यांकडे गेले, शिवसैनिक थिएटरवर धडकले आणि मराठी सोंगाड्याला पडदा मिळाला. त्यानंतर 54 वर्षांनी, मार्च 2025 मध्ये, विनोदवीर कुणाल कामराचं एकनाथ शिंदे यांच्यावरचं विडंबनगीत गाजलं. शिंदे यांच्या शिवसेनेचे कार्यकर्ते, ते गीत जिथे म्हटलं गेलं त्या खारच्या स्टुडिओवर धडकले आणि त्यांनी खुर्च्या-दिवे फोडले. विनोदवाल्याला जागा मिळवून देणारा झेंडा आणि विनोदवाल्याची जागा फोडणारा झेंडा, रंग एकच!

तसं पाहिलं तर यात विसंगती काही नाही. दादांनी स्वतःची नाडी सोडली, कामराने दुसऱ्याची ओढली. कमरेखालच्या विनोदाला आपल्याकडे फार तर कात्री लागते. खुर्चीवरच्या विनोदाला थेट हातोडा. अश्लीलतेने संस्कृती बुडते म्हणतात, पण हातोडा निघतो तो मात्र खुर्ची हलल्यावर.

त्यापेक्षा आमची दारूबंदी बरी. तिची हद्द निदान ठरलेली आहे. पूल संपला की तीही संपते. विनोदाची हद्द कुठे होती, हे मात्र खुर्च्या मोडल्यावरच कळतं.