कोने बसवण्याची शास्त्रोक्त पद्धत

कौलारू घराची दोन पाखी वर जिथं मिळतात, तिथं आढ्याच्या लांबीभर एक फट राहते. ती झाकायला जी कौलं उपडी घालतात ते कोने. छपराच्या खर्चात त्यांचा वाटा इतका किरकोळ, की अंदाजपत्रकात ते सर्वांत शेवटी, ‘इतर’च्या जेमतेम वर सापडतात. गळती मात्र बहुधा तिथूनच सुरू होते. म्हणून हे मार्गदर्शन. ते गवंड्यांसाठी नाही, त्यांना काम येतं. गवंडी आढ्यावर असताना अंगणात उभं राहून सूचना देणाऱ्यांसाठी ते आहे, आणि कोकणात त्यांचीच संख्या जास्त आहे.

मुहूर्त

शास्त्र सांगतं, हे काम चैत्रात करावं. हवामान खात्याच्या सरासरीनुसार मोसमी पाऊस केरळात १ जूनला आणि मुंबईत ११ जूनला पोचतो; तळकोकण मधल्या तारखांत भिजतं. कोन्यांखालच्या मालाला आठवडाभर पाणी मारावं लागतं. म्हणजे मेच्या तिसऱ्या आठवड्यात शेवटचा कोना बसलेला हवा.

रूढी वेगळं सांगते. चाकरमानी मे महिन्यात गावी येतात. आंबे, फणस, दोन लग्नं आणि एक सत्यनारायण उरकून निघायच्या आदल्या दुपारी जो तो ओटीवर आडवा होतो आणि प्रथमच वर बघतो. वाशावर ओलीचा काळा डाग असतो. त्याच दुपारी पंचक्रोशीतल्या प्रत्येक ओटीवर असाच डाग सापडलेला असतो आणि कौलं न फोडता छपरावर चालणारे गवंडी गावात दोनच असतात.

निवड

पूर्वी हा प्रश्न नव्हता. कुंभार नळे करून देई, दर उन्हाळ्यात घर शाकारून घ्यावं लागे, आणि फुटलेल्या नळ्यांवरून ज्याची त्याची मांजरं निर्दोष ठरत. १८६५ साली बासेल मिशनचे जर्मन मिशनरी गेओर्ग प्लेब्स्ट यांनी मंगळुरात नेत्रावतीकाठी जेप्पू इथं कौलांचा कारखाना काढला. एकमेकांत खाचेनं अडकणारं चपटं मंगलोरी कौल गलबतांतून किनाऱ्यानं वर आलं, आणि दरवर्षीचं शाकारणं बरंच कमी झालं. खाचा पाख्यांपुरत्याच असतात. आढ्यावर दोन्ही पाख्यांच्या खाचा संपतात आणि माणसांचं काम सुरू होतं.

कोना निवडताना तो बोटाच्या पेरानं वाजवून बघावा. खणखणीत वाजला तर नीट भाजलेला, बद्द वाजला तर कच्चा किंवा तडकलेला. मग तो सपाट जमिनीवर उपडा ठेवावा. डुगडुगला तर परत द्यावा. एक नमुना कोरडा तोलून चोवीस तास पाण्यात बुडवावा आणि पुन्हा तोलावा. जो फार जड होऊन बाहेर येतो तो पावसाळाभर पाणी पिणार. यासाठी घरातला मासळीचा काटा वापरण्यापूर्वी परवानगी घ्यावी.

सर्वांत महत्त्वाचा कोन. छपराच्या उतारापेक्षा कोना पसरट असेल तर तो माथ्यावर टेकतो आणि त्याच्या कडा अधांतरी राहतात. जास्त टोकदार असेल तर कडा टेकतात आणि पोटात भलीमोठी पोकळी राहते. दोन्ही वेळा ती जागा मालानं भरली जाते आणि पुढच्या वैशाखात तिथंच तडा जातो. त्यामुळे कौलं आणि कोने एकाच कारखान्याचे घ्यावेत. रंगावरून वाद घालू नये. दोन पावसाळ्यांत सगळ्यांवर सारखंच शेवाळ येतं. गोव्यातल्या जुन्या घरांसारखा छपरावर मातीचा कोंबडा किंवा शिपाई हवा असेल तर तो हट्ट आधी सांगावा.

कृती

आढ्याच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत दोरी ताणावी. कोने आधी पाण्यात भिजवावेत, नाहीतर ते मालातलं पाणी शोषून घेतात आणि माल धरत नाही. माल कडांखाली बसेल इतकाच घालावा. बाहेर डोकावणारा माल पाण्याला आत यायची पायरी करून देतो. एका कोन्यावर दुसऱ्याची दोनेक इंच झेप हवी. घर चौपाखी असेल तर आधी कोनवाशांवरचे कोने खालून वर चढवत न्यावेत आणि आढ्यावरचे शेवटी, म्हणजे वरचा कोना खालच्यांची तोंडं झाकतो.

या टप्प्यावर अंगणातून “सिमेंट जरा सढळ हातानं घाल” अशी सूचना येते. ती मान डोलावून ऐकावी आणि पाळू नये. खाली लाकूड ऋतूप्रमाणे फुगतं, आकसतं. फार कडक माल ते सोसत नाही, चिरतो. जुने गवंडी त्यात चुना घालत, कारण चुना थोडं सांभाळून घेतो.

आता दिशा. पावसाळी वारा नैर्ऋत्येकडून येतो. आढं पूर्व-पश्चिम असेल तर पूर्वेच्या टोकापासून सुरुवात करून पश्चिमेला संपवावं. त्यामुळे प्रत्येक पश्चिमेकडचा कोना पूर्वेकडच्यावर चढतो आणि झेपेचं उघडं तोंड वाऱ्याकडे पाठ करून राहतं. आढ्यावरून जाताना वारा छपराला वर खेचतो, त्यामुळे सैल कोना आधी सुटतो. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ ताशी शंभर किलोमीटरहून अधिक वेगानं रायगड किनाऱ्यावर आलं, तेव्हा श्रीवर्धन, मुरुडकडे घरांची छपरंच्या छपरं उघडी पडली.

माकडांचा समावेश शास्त्रात नाही. त्यांना गावातली सर्वांत उंच आणि केळीवर नजर ठेवता येईल अशी बैठक लागते, ती म्हणजे ताजे बसवलेले कोने. निदान माल सुकेपर्यंत घरातल्या एका रिकाम्या माणसाला डबा वाजवत बसवावं. असा माणूस प्रत्येक घरात असतो.

सामाईक आढं

खरी कसोटी घराची वाटणी झालेली असेल तेव्हा लागते. पूर्वेचे दोन खण धाकट्याचे, पश्चिमेचे दोन थोरल्याचे, आढं एक. वाऱ्याच्या नियमानं थोरल्याचा कोना धाकट्याच्या कोन्यावर चढणार. धाकट्याला हे मान्य नसतं. वाटणीपत्रात तसं लिहिलेलं नाही. शिवाय काम त्याच्या बाजूनं सुरू व्हायचं, म्हणजे पहिले पैसे त्यानं काढायचे. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांचा नकाशा दाखवून उपयोग होत नाही, कारण तो थोरल्याच्या मुलानं आणलेला असतो. मग दोघे आपापल्या गवंड्याकडून आपापल्या टोकाकडून काम करवतात. दोन्ही रांगा मध्यावर समोरासमोर येतात. तिथं दोन्हीकडचा मान राखून कुणाचीच झेप कुणावर न ठेवता मालाचा एक मोठा गोळा थापला जातो.

तपासणी

काम झाल्यावर भर दुपारी माळ्यावर चढून दिवे बंद करावेत. जिथून उजेडाची चीर दिसेल तिथून पाणी येणार. पाऊस लागल्यावर थेंब पडेल त्याच्या बरोबर वरचं कौल काढायला सांगू नये. पाणी आढ्याला आणि वाशाला धरून बरंच पुढं जाऊन टपकतं. टॉर्च घेऊन ओल मागं मागं शोधत न्यावी आणि मुळाशी खडूनं खूण करावी.

ही खूण बहुधा त्या गोळ्याखाली येते. थेंब धाकट्याच्या स्वयंपाकघरात पडत असतो. गवंडी दसऱ्यानंतर येतो, शिडीवरूनच बघतो आणि सांगतो, की दोन्ही बाजू काढाव्या लागतील, पूर्वेकडून.