डिस्पॅचमधले कादंबरीकार

मोबाइलवर रोज कादंबरीचा भाग टाकणारा एक तरी माणूस आता प्रत्येक गल्लीत असतो. कोल्हापुरातल्या आमच्या गल्लीतले लेखकराव गोकुळ शिरगावच्या एका फौंड्रीत डिस्पॅचला आहेत. दिवसभर कास्टिंगचे नग मोजतात, चलनं फाडतात, ट्रकवाल्यांशी हुज्जत घालतात. आणि रात्री नऊच्या ठोक्याला प्रतिलिपी ॲपवर राजवीर इनामदार नावाच्या अब्जाधीशाला प्रेमात पाडतात. राजवीर मुंबईत बत्तिसाव्या मजल्यावर राहतो, काळी कॉफी पितो आणि हसत नाही. लेखकराव स्वतः मिरजेच्या पुढं फारसे गेलेले नाहीत. त्यामुळे राजवीर चिडला की हुबेहूब त्यांच्या प्लांट मॅनेजरसारखा बोलतो, फक्त मध्ये एक 'डार्लिंग' जास्त.

लिखाण चालतं केएमटीच्या बसमध्ये, उजव्या अंगठ्यानं. खिडकीची जागा मिळाली तर प्रेमप्रसंग, उभं राहावं लागलं तर खलनायक. पात्रांची नाती मात्र कंपनीच्या रिजेक्शन रजिस्टरच्या मागच्या पानावर असतात. एकदा ऑडिटरनं नेमकं तेच पान उघडलं. 'सावत्र सासू – मेली का? भाग ८८ बघणे' ही नोंद त्यानं दोनदा वाचली आणि शांतपणे विचारलं, "याच्यावर सही कुणाची?"

कथानकही कंपनीच ठरवते. मार्चएंड आला की राजवीर कोमात जातो. कोमातल्या माणसाला संवाद लागत नाहीत. स्टॉक टेकिंग असलं की नायिका माहेरी. २०१९ च्या महापुरात शिरोलीजवळ हायवे पाण्याखाली गेला, गल्लीत लाइट नाही. लेखकराव शेजाऱ्याच्या गाडीत बसून मोबाइल चार्ज करायचे. त्या आठवड्यात नायक (तेव्हा यशवर्धन होता, मजला तोच) लिफ्टमध्ये अंधारात अडकला आणि चार भाग बाहेरच येईना. वाचक बायकांनी लिहिलं, 'किती जिवंत वर्णन!'

मिळकतीचं विचारू नका. प्रतिलिपी ही बंगळूरची, वाचक खूश झाले की स्टिकर देतात, त्याची नाणी जमतात. एखाद्या महिन्यात बसचा पास सुटतो. मग आम्हाला मिसळ. चीनमध्ये छिद्यन नावाच्या साइटवर २००३ पासून वाचक हजार अक्षरांच्या दरानं पैसे मोजतात, हे त्यांना कुणीतरी सांगितलं आणि नायिकेचा हुंदका दीड पानाचा झाला. म्हटलं, इथं अक्षरावर कुठं मिळतंय? तर म्हणाले, "सवय असावी, भावा."

नोकरी करून साहित्य होत नाही असं म्हणायची सोय नाही. लगेच सावंत बाहेर निघतात. शिवाजी सावंतांची 'मृत्युंजय' १९६७ ला आली तेव्हा ते इथंच, राजाराम हायस्कूलात मास्तर होते. पाठोपाठ चीनचे लिऊ त्सशिन. वीजकेंद्रात इंजिनिअर असताना त्यांनी 'द थ्री-बॉडी प्रॉब्लेम' लिहिली, २००६ साली ती मासिकातून क्रमशः आली, पुढं ह्यूगो पुरस्कार. "दोघांनीबी नोकरी करतच लिवलं मर्दा!" सावंतांच्या कर्णाला रोज रात्री नऊला हजर राहावं लागत नव्हतं, हे आम्ही मनातच ठेवतो.

वहिनी एकही भाग वाचत नाहीत. राजवीर बायकोला रोज गुलाब देतो, एवढं त्यांच्या कानावर आलंय. तेव्हापासून लेखकरावांच्या डब्यात दोडका जास्त असतो.

समीक्षक यांची दखल घेणार नाहीत आणि माझ्या मते घेऊही नये. त्या कोमातून राजवीर तिसऱ्यांदा उठला तेव्हा मीही वाचणं सोडणार होतो. सोडलं नाही. नग मोजून मोजून डोळे लाल झालेला माणूस जेवणाचं ताट बाजूला सारून आधी भाग टाकतो, हे मी समोर बसून बघितलंय.

नवा भाग आज रात्री नऊला येतोय. आवडला तर स्टिकर द्या. 'पुढचा भाग लवकर टाका' असं मात्र या आठवड्यात लिहू नका. कंपनीत परत ऑडिट आहे.